खांद्यावरचा लाल चिमटा

आमचे घरमालक माणसांना नावानं हाक मारत नसत. वाडी नावाच्या उपनगरातल्या एका ट्रान्सपोर्टच्या गोदामावर त्यांनी उभा जन्म सुपरवायझर म्हणून काढला होता. त्यामुळे माणूस समोर आला की त्याचं नाव काय यापेक्षा हा माल कुठला, हेच त्यांना आधी सुचायचं. मी वणीचा, म्हणून मी 'वणी'. माझा रूममेट गोंदियाचा, म्हणून तो 'गोंदिया'. आमच्या आधी त्या खोलीत राहून गेलेला एक जण लग्नाची पत्रिका द्यायला आला, तेव्हा काका अंगणातूनच ओरडले, "अवं, चहा ठेव! हिंगणघाट परत आलं पाय!" बिचारा होणारी बायको सोबत घेऊन आला होता. तिची ओळख करून दिल्यावर काकांनी तिलाही पहिला प्रश्न विचारला, "कुठचं बुकिंग?"

आम्ही त्यांना काका म्हणायचो. मी मिहानमध्ये एका कंपनीत कामाला होतो, म्हणजे शहराच्या पार दुसऱ्या टोकाला. रोज रिंग रोडची धूळ खात जायचो आणि संध्याकाळी तीच धूळ घेऊन परत यायचो. जवळ खोली का घेत नाहीस, असं सगळे विचारत. मी भाड्याचं कारण सांगायचो. खरं कारण काकूंच्या हातची भाजी आणि काका, हे होतं.

घरही वाडीतच, अमरावती रोडच्या आत, दोन गल्ल्या सोडून. एकाच रंगाची, एकाच नकाशाची दोन घरं, मध्ये कमरेएवढी भिंत. डावीकडचं काकांचं, त्याच्या वरच्या मजल्यावर आमची खोली; उजवीकडचं त्यांच्या धाकट्या भावाचं. पण काका उजवीकडे कधी पाहायचे नाहीत. स्कूटर काढतानासुद्धा मान डावीकडे धरून काढायचे. सुरुवातीला आम्हाला वाटलं, मान अवघडली आहे. गोंदियानं तर त्यांना मलमाची ट्यूब आणून दिली. काकांनी ती मुकाट्यानं घेतली आणि गुडघ्याला लावली.

ते आमच्या खेळात कसे आले, ती गंमत सांगायलाच हवी. रविवारची दुपार होती, कूलर घरघरत होता आणि आम्ही दोघं कॉम्प्युटरवर खेळत बसलो होतो. चार-चार जणांच्या टोळ्या एका ओसाड मुलखात सोडलेल्या असतात. बंदुका शोधा, अन्नपाणी शोधा, दुसऱ्या टोळ्यांपासून वाचा आणि जमेल तितकं जिवंत राहा, असा तो खेळ. गोंदियाला गोळी लागली आणि तो कानाला हेडफोन असल्यामुळे गल्लीला ऐकू जाईल असा ओरडला, "वणी, मेलो गा! रक्त थांबून नाई राहिलं! पट्टी आण, पट्टी!"

धाडकन दार उघडलं. दारात काका. एका हातात हळदीचा डबा, दुसऱ्या हातात काकूंच्या जुन्या लुगड्याची फाडलेली पट्टी. गोंदिया धडधाकट खुर्चीत बसलेला. आता हा माणूस आपल्याला सामानासकट रस्त्यावर काढणार, असं मला वाटलं. पण काका वाकले, स्क्रीनकडे पाहिलं आणि गंभीरपणे विचारलं, "याचं रक्त काहून थांबून नाई राहिलं?"

कोणी नवा माणूस तो खेळ पाहायला बसला की त्याचं लक्ष बंदुकांकडे जातं. काकांनी बंदुकांकडे ढुंकूनही पाहिलं नाही. त्यांचं लक्ष गेलं कोपऱ्यातल्या बारक्या चिन्हांकडे. त्या खेळात तुमचं काही बिघडलं की तिथं एक चिन्ह उगवतं. रक्त वाहतंय, तर थेंब. पाय मोडला, तर हाड. तहान लागली, तर रिकामी बाटली. पाठीवर ओझं जास्त झालं, तर पोतं. प्रत्येक चिन्ह म्हणजे एक शिक्षा. थेंब असेल तर जीव हळूहळू कमी होतो, हाड असेल तर पळता येत नाही, बाटली असेल तर नेम हलतो. चिन्हाभोवती एक कडं असतं. ते फिरत फिरत संपलं किंवा तुम्ही योग्य उपाय केला, की चिन्ह जातं.

गोंदियानं हे सगळं समजावून सांगितलं. काका पलंगाच्या कडेवर बसले. हळदीचा डबा अजून हातातच.

"म्हणजे याले मालूम आहे, का काय झालं?"

"हो काका."

"काहून झालं, तेही मालूम?"

"हो."

"किती वेळ राहीन अन् काय केलं का जाईन, तेही?"

"सगळं दिसते ना काका."

"अन् गेल्यावर?"

"गेल्यावर काय? काहीच नाई. चिन्ह गेलं, विषय संपला."

काकांनी हळदीचा डबा पलंगावर ठेवला. मग म्हणाले, "आमच्या गोदामात हे पाहिजे होतं गा." जन्मभर त्यांनी हमालांना शिक्षा दिल्या होत्या. उशिरा आला की गेटबाहेर उभा कर, माल ओला केला की पावसात ताडपत्री बांधायला लाव. पण त्यांच्या स्वतःच्या मॅनेजरनं एकदा अख्खा पावसाळा त्यांच्याशी बोलणं टाकलं होतं. का, ते त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही. "विचारलं तं म्हणे, तुले मालूम आहे. अन् मले तं काहीच मालूम नाई! ही काय शिक्षा आहे का गा? ही तं निरा बदमाशी आहे."

पुढच्या रविवारी काका गोंदियाच्या जुन्या लॅपटॉपवर स्वतः खेळायला बसले. खेळातलं नाव घेतलं, 'वाडी'.

त्यांच्याइतका वाईट नेमबाज मी पाहिलेला नाही. समोरच्या झाडाला गोळी मारायची म्हटली तरी ती ढगात जायची. त्यात गोदामातला माणूस, पडलेला माल सोडवेना. फुटके टायर, दोरखंड, रिकामे डबे, जे दिसेल ते पाठीवर. लगेच पोत्याचं चिन्ह उगवायचं आणि काका गोगलगायीच्या चालीनं मैदान ओलांडायला लागायचे. चारी बाजूंनी गोळ्या सुरू, आणि आम्ही ओरडतोय, "काका, टायर टाका!" काका म्हणायचे, "थांब ना गा, चांगला टायर आहे." एकदा तहान लागली म्हणून डबक्याचं पाणी प्यायले. बाटलीचं चिन्ह गेलं, पोटदुखीचं आलं. पाठीवर पोतं होतंच. त्या दिवशी त्यांनी एक सिद्धांत मांडला, "दोन तकलीफी एकत्र आल्या का बेरीज नाई होत, वणी. गुणाकार होते." मे महिन्यातल्या दुपारी गोदामात ट्रक खाली करून घेतलेल्या माणसाला ते शिकवायची गरज नव्हती.

पण एक गोष्ट खरी. काका आमच्यात आल्यापासून आम्ही जिंकलो क्वचितच, मेलो मात्र फारच कमी. कारण त्यांची नजर सतत दुसऱ्यांच्या चिन्हांवर. चौथा गडी कोणी तरी अनोळखी असायचा, कुठल्या तरी दुसऱ्याच गावाचा. ऐन लढाईत त्याच्या कानात काकांचा आवाज जायचा, "बाबू, तुह्या पायाचं चिन्ह लाल होऊन राहिलं. बस गा थोडा, मी आलो पट्टी घेऊन." तो बावरायचा. त्या खेळात लोक एकमेकांच्या आया-बहिणींपेक्षा कमी कशावर बोलत नाहीत, आणि हा कोण बाप्पा पट्टी घेऊन येतोय? दुसऱ्या दिवशी तो स्वतःहून विचारायचा, "वाडीवाले काका आहेत का आज?"

मग काकांनी ती चिन्हं घरात आणली. काकूंच्या कपडे वाळत घालायच्या प्लास्टिकच्या चिमट्यांची त्यांनी वाटणी केली. निळा चिमटा म्हणजे तहान: पाण्याची मोटर चालू ठेवून टाकी वाहू दिली, तर निळा. तो लागला की सगळ्यांचे पिण्याच्या पाण्याचे कॅन तुम्ही वर चढवायचे. हिरवा म्हणजे ओझं: जिन्यात चपलांचा ढीग लावला, तर हिरवा, आणि सगळ्यांचा कचरा तुमच्या माथी. चिमटा शर्टाच्या खांद्यावर लागायचा, सगळ्यांना दिसेल असा. शिक्षा संपली की काका स्वतःच्या हातानं काढायचे आणि म्हणायचे, "निघालं. आता विषय नाई." आणि खरंच विषय नसायचा. लगेच चहा. मी एकदा हिरवा चिमटा खांद्यावर विसरून थेट मिहानला गेलो. कंपनीच्या बसमध्ये कोणी काही बोललं नाही. दुपारी आमच्या मॅनेजरबाईंनी हळूच विचारलं, "कुठल्या संस्थेचा आहे?"

नियम घरमालकालाही लागू होता. काकूंनी गच्चीवर वाळत घातलेल्या कुरडयांवर काका पाय देऊन बसले, तेव्हा काकूंनी त्यांच्या दोन्ही कानांना पिवळे चिमटे लावले. पिवळ्याचा अर्थ काय, ते नियमात नव्हतं. काकू म्हणाल्या, "अर्थ नंतर ठरवू." काका संध्याकाळपर्यंत तसेच बसून पेपर वाचत होते.

लाल चिमटा मात्र कोणाला लागला नव्हता. तो काय करतो, ते ठरलंच नव्हतं.

ते ठरलं मार्चच्या शेवटी, एका रविवारी. आम्ही एका पडक्या घराकडे पळत होतो. झुडपात काही तरी हललं आणि काकांनी जन्मात पहिल्यांदा नेम धरून गोळी मारली. ती बरोबर बसली. मला.

आपल्याच गड्याला गोळी मारली की त्या खेळात सगळ्यात मोठी शिक्षा आहे. मारणाऱ्याच्या डोक्यावर लाल खूण येते, लांबूनसुद्धा दिसते. आसऱ्याच्या घरांची दारं त्याला उघडत नाहीत. ही खूण पट्टीनं जात नाही, औषधानं जात नाही. ज्याला गोळी लागली, त्यानंच जवळ येऊन एक बटण दाबून धरायचं. कडं भरत येतं, पूर्ण भरलं की खूण जाते. मध्येच बटण सोडलं तर परत पहिल्यापासून.

मी लंगडत काकांपर्यंत आलो, बटण दाबलं, कडं अर्धं भरलं आणि माझा फोन वाजला. हात सुटला. परत सुरुवात. काका गंमत म्हणून हसतील असं मला वाटलं होतं. ते हसत नव्हते.

"वणी, तू आलाच नसता तं?"

"तर खूण राहिली असती."

"किती वेळ?"

"हिला वेळच नाही काका. हिच्याभोवती कडं फिरत नाही. समोरचा येईपर्यंत राहते."

कडं भरलं, खूण गेली, दार उघडलं. काका आत गेलेच नाहीत. हेडफोन काढून ठेवला आणि खाली निघून गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते अंगणात दिसले, तेव्हा त्यांच्या खांद्यावर लाल चिमटा होता. गोंदियानं विचारलं, "कोनं लावला काका?" काका म्हणाले, "मीच." तो लावूनच ते दूध आणायला गेले, तो लावूनच बुद्धविहारात वंदनेला गेले. रात्री शर्ट बदलला की चिमटा नव्या शर्टावर. वाडीतले पोट्टे मागून हसायचे. काका मान डावीकडे धरून चालत राहायचे.

शेवटी काकूंनीच आम्हाला सांगितलं. उजवीकडच्या घरातला धाकटा भाऊ म्हणजे पूर्वी वस्तीचा हौशी आचारी. दरवर्षी एप्रिलातल्या जयंतीला विहारापुढच्या मांडवात शेकडो माणसांचा मसालेभात तोच करायचा, पैसा न घेता, पहाटेपासून. आणि माइकवर काका. एके वर्षी घाई झाली आणि वाटाणे कच्चे राहिले. काकांनी माइकवरून जाहीर केलं, "मंडळी, मसालेभात जपून खा. आत छर्रे आहेत!" अख्खा मांडव हसला. भावानं हातातला भात हलवायचा सराटा खाली ठेवला, हात धुतले आणि घरी निघून गेला. तेव्हापासून त्यानं चूल पेटवली नाही आणि काकांशी शब्द बोलला नाही. आता जयंतीला कॅटररचा गिचगिचा भात यायचा आणि लोक पूर्वीच्या भाताची आठवण काढत तो खायचे.

"यायले वाटलं, मजाक होता," काकू म्हणाल्या. "दोघं एका ताटात जेवलेले भाऊ गा. हे म्हणते, त्यानं एवढा राग काहून धरला. तो म्हणते, यायनं माफी काहून नाई मागितली. जयंती येऊन राहिली आता परत. मले तं वाटते, या वर्षी नाई झालं तं मंग होतच नाई."

काकू पदरानं चष्मा पुसत राहिल्या. मला एकदम राग आला. भावाचा नाही, काकांचा. अख्ख्या जगाच्या पायाचं हाड दिसणाऱ्या माणसाला भिंतीपलीकडचं दिसू नये! मी तडक खाली गेलो. काका कूलरची टाकी घासत होते, खांद्यावर चिमटा.

"काका, तुमचा नियम चुकतोय."

"कोनता?"

"लाल खूण असलेला माणूस तोंड फिरवून फिरत राहिला, तर समोरच्यानं बटण दाबायचं कुठं? त्याच्या पुढ्यात जाऊन उभं तर राहावं लागेल ना!"

 काकांनी टाकी इतकी घासली, की तिचा रंग निघाला.

रविवारी सकाळी मी आणि गोंदिया गच्चीवर होतो. कपडे वाळत घालायच्या निमित्तानं एकच टॉवेल आम्ही पुन्हा पुन्हा झटकत होतो, कारण काका फाटकाबाहेर पडले होते आणि उजवीकडे वळले होते. भाऊ त्याच्या अंगणात कूलरचा जुना वाळा काढून नवा भरत बसला होता. काका त्याच्या फाटकाशी जाऊन उभे राहिले. हाक नाही, खाकरणं नाही. नुसते उभे, उन्हात, टोपीही न घालता.

भावानं पाहिलं. परत वाळा भरायला लागला. परत पाहिलं. मग लुंगीला हात पुसत उठला, फाटकापाशी आला, रस्त्यावर इकडेतिकडे बघितलं आणि आवाज खाली करून म्हणाला, "हे काय लावून फिरून राहिला गा? किती दिवसांपासून पाहून राहिलो मी. लोकं हासून राहिले ना तुले, दादा!" आणि हात पुढे करून त्यानं तो चिमटा काढून घेतला.

त्याला खेळ माहीत नव्हता. लाल खूण माहीत नव्हती. आपल्या भावाला लोक हसतात, एवढंच त्याला सहन झालं नव्हतं.

काका म्हणाले, "हासू दे. तुले हासले होते, तवा माइक म्या धरला होता."

भावाचा हात चिमट्याच्या जागी, काकांच्या खांद्यावर तसाच राहिला. माझ्या बाजूला गोंदिया टॉवेल छातीशी धरून पुटपुटत होता, "सोडू नका, सोडू नका, परत पहिल्यापासून होईन!" मला हसू येत होतं आणि डोळ्यांतून पाणीही येत होतं.

भावानं हात सोडला नाही. बऱ्याच वेळानं तो म्हणाला, "वाटाणे खरंच कच्चे होते, दादा."

"ते तं होतेच," काका म्हणाले.

आणि दोघंही हसायला लागले. इतके, की काकू पोळपाट हातात घेऊनच बाहेर आल्या.

आता मी शहराच्या दुसऱ्या भागात, सक्करदऱ्याला राहतो. लग्न झालंय. घरात चिमटे आहेत, त्यांचे नियम बायकोनं आपल्या सोयीचे करून घेतले आहेत. पण त्या वर्षीची जयंती मी विसरणार नाही. विहारापुढचा मांडव, निळे झेंडे, तापलेला एप्रिल. तीन दगडांच्या चुलीवर भातानं भरलेला मोठा गंज चढलेला आणि त्यापाशी धाकटा भाऊ, हातात सराटा, सदऱ्याच्या खिशाला लाल चिमटा. तो त्यानं परत दिलाच नव्हता. आणि माइकवर काका.

"मंडळी," काकांनी सुरुवात केली, "मसालेभात तयार आहे."

ज्यांना जुनं आठवत होतं, ते सगळे गप्प झाले. काकू माझ्याशेजारी उभ्या होत्या, त्यांनी माझं मनगट घट्ट धरलं. गंजापाशी भावानं खिशावरच्या चिमट्यावर बोट ठेवलं.

काकांनी घसा साफ केला. "माह्या भावानं बनवला आहे."  माइक शिट्टी मारत राहिला. मग कोणी तरी पहिली पत्रावळ त्यांच्या हातात दिली. काकांनी त्यातला एक वाटाणा निवडून उचलला, तोंडात टाकला आणि माइक अगदी तोंडापाशी धरून चावला. अख्ख्या मांडवाला ते चावणं ऐकू आलं. 

"मऊ," काका म्हणाले.

त्या वर्षीही अख्खा मांडव हसला. सगळ्यांत मोठ्यानं हसत होता तो सराटा धरलेला माणूस.